रेघ वर, पाणी खाली

मी आजवर जे काही लिहिलं त्यातलं सर्वांत जास्त वाचलं गेलेलं लिखाण बारा शब्दांचं आहे. ते कुठल्या पुस्तकात सापडायचं नाही. मोहगावच्या अलीकडच्या एका गावात, ग्रामपंचायतीच्या भिंतीवर ते ऑइलपेंटने लिहिलेलं आहे आणि दुपारी त्या भिंतीच्या सावलीला बकऱ्या बसतात. माणसं कथा लिहितात, कविता लिहितात. मी चित्राखालच्या ओळी लिहिल्या. ऑफिसात त्यांना कॅप्शन म्हणत. माझी नणंद पाहुण्यांना सांगायची, आमच्या प्रमिलावहिनी फोटोखाली नावं लिहितात. ती हे बोलताना चहाचा कप असा काही पुढे करायची की पुढचा प्रश्न कोणी विचारू नये.

पाण्याचं काम करणाऱ्या एका संस्थेच्या मध्य प्रदेशातल्या सौंसरच्या ऑफिसात मी लागले ती अक्षरासाठी. वडील बसस्टँडजवळ दुकानांच्या पाट्या रंगवायचे, त्यांच्याकडून वळणदार हात मिळाला होता. संस्था नाल्यांवर बांध घालायची, उन्हाळ्यात विहिरी मोजायची आणि जे मोजलं ते गावाला कागदावर दाखवायची. त्या नकाशांवर, आलेखांवर, फोटोंखाली मी लिहायची. मग कॉम्प्युटर आला आणि माझ्या अक्षराला कोणी विचारेना. मला वाटलं, आता आपल्याला नारळ मिळणार. पण कॉम्प्युटरला आलेख काढता येई, त्याच्याखाली काय लिहायचं ते काही त्याला उमगत नव्हतं. अक्षर गेलं, ओळ राहिली, आणि ओळीबरोबर मीही राहिले.

या कामातला पहिला धडा मला नीरज सरांनी दिला. ते आमचे अभियंता, भोपाळकडचे, मराठी समजायचं पण बोलायचे हिंदी. एका भरलेल्या बंधाऱ्याच्या फोटोखाली मी लिहिलं होतं, 'बंधाऱ्यात साठलेले पाणी'. ते म्हणाले, पाणी तर दिसतंच आहे, मग तुम्ही काय सांगितलं? मला राग आला. घरी जाऊन भाकरी थापता थापता तो राग उतरला आणि दुसऱ्या दिवशी मी लिहिलं, 'मार्चअखेर. मागच्या वर्षी याच दिवशी इथे पोरं क्रिकेट खेळत होती.' फोटो तोच, पाणी तेवढंच, पण आता बघणारा जरा थांबायचा. तेव्हापासून माझा नियम ठरला. चित्रात दिसतं ते पुन्हा सांगायचं नाही, त्यात जे दिसू शकत नाही ते सांगायचं. किती, कधीचं, कशापेक्षा जास्त, आणि हे सगळं बघणाऱ्याच्या मापात.

प्रत्येक ओळ दोनदा लिहावी लागे. जिल्ह्याला, छिंदवाड्याला जाणाऱ्या अहवालात हिंदी, गावात लागणाऱ्या कागदावर मराठी. आमच्याकडे माणूस कचेरीत हिंदी बोलतो, घरी मराठी बोलतो आणि चिडला की दोन्ही बोलतो, त्यामुळे याचं कोणाला ओझं वाटत नाही.

गिऱ्हाइकंही एकेक होती. पांढुर्ण्याच्या एका प्रदर्शनासाठी पोळ्याचे फोटो लावले होते. एका बैलजोडीच्या फोटोखाली मी लिहिलं, 'डावीकडून हौशा आणि चांद्या, मागे मालक'. मागे राहिल्याचं मालकाला काही वाटलं नाही, उलट त्याने ते चारचौघांना वाचून दाखवलं. पण दुसऱ्या दिवशी तो बस धरून पुन्हा आला. म्हणाला, बाई, तुम्ही बैल बदलवून टाकले, माझा चांद्या डावीकडे जुंपतो. मी फोटो पुढे ठेवला. फोटो समोरून काढलेला, म्हणजे बैलाची डावी बाजू ती आपली उजवी. अर्धा तास आम्ही दोघं त्या फोटोपुढे, कधी तोंड इकडे कधी तोंड तिकडे करून उभे होतो. शेवटी मी ओळ बदलली, 'पाहणाऱ्याच्या डावीकडून'. त्याचं समाधान झालं आणि मला एक नवा शब्द मिळाला. पाहणारा कुठे उभा आहे हे आधी बघायचं, हे मी चांद्याकडून शिकले. शिकले असं मला वाटलं होतं.

ज्या गावात ती भिंत आहे तिथे रघोजीबाबा होते. सत्तरीच्या पुढचे, काटक, कोणत्याही सभेत पहिल्या ओळीत. एकदा नीरज सरांनी गावातल्या पिकांचा गोल आलेख नेला. कापूस इतका, संत्रा इतका, तूर इतकी, असे रंगीत तुकडे. रघोजीबाबा बराच वेळ बघत राहिले आणि म्हणाले, "भाकर तं चांगली केली बाई, पन माहं वावर कोनत्या तुकड्यात हाय?" सगळे हसले. मी हसले नाही, कारण प्रश्न बरोबर होता. खाली मी लिहिलं, 'गावची सारी जमीन एक भाकर समजा. पांढरा तुकडा कापसाचा, केशरी संत्र्याचा.' रघोजीबाबांनी पांढऱ्या तुकड्यावर बोट ठेवून स्वतःचं वावर शोधल्यासारखं केलं आणि मान डोलावली. मला वाटलं, आता हे गाव माझ्या हाताखाली आलं.

गर्वाचं घर खाली म्हणतात. माझं तर विहिरीच्या तळाला गेलं.

त्याच गावातल्या विहिरी संस्था दर मे महिन्यात मोजत होती. पाच उन्हाळे झाले तसा नीरज सरांनी त्याचा एक आलेख केला. पाच निळे खांब, डावीकडून उजवीकडे एकाहून एक उंच, पायऱ्यांसारखे. त्या खांबांची उंची म्हणजे जमिनीपासून पाणी किती खाली आहे ते अंतर. खांब जितका उंच, पाणी तितकं खोल गेलेलं. आमच्या बांधांनी पाणी अडवलं होतं, पण त्याच पाच वर्षांत संत्र्याच्या बागा आणि बोअरवेल इतक्या वाढल्या की अडवलेलं पाणी पुरेना. बातमी वाईट होती. खाली मी ओळ लिहिली, 'गावातील निवडक विहिरींमधील भूजलाची जमिनीपासूनची सरासरी खोली, मीटरमध्ये'. एकही शब्द चुकीचा नव्हता. नीरज सरांना ती फार आवडली. छिंदवाड्याच्या अहवालासाठी ती तयार केली होती, आणि मी तीच जशीच्या तशी गावासाठीही दिली. रघोजीबाबांची भाकर मी विसरले. कंटाळा केला, दुसरं काही नाही.

आलेख समजावून सांगायचा होता त्या ग्रामसभेच्या दिवशी सरांना ऐनवेळी छिंदवाड्याला बोलावणं आलं. कागद पाठवून द्या, चित्र स्वतः बोलतं, असं ते म्हणाले. कागद गेला, भिंतीवर लागला, आणि चित्र बोललं.

पंधरा दिवसांनी गावातून निरोप आला, ताईंचा सत्कार करायचा आहे. मी नव्या साडीची घडी मोडून नेसले. शाल मिळाली, नारळ मिळाला, फुटाणे वाटले गेले. सरपंच भाषणात म्हणाले, पाच वर्षांत पाणी पायरी पायरीने वर आलं. अशा भाषणांतले शब्द ऐकायचे नसतात, मान हलवायची असते, तशी मी हलवली. सत्काराच्या वेळी माणसाच्या कानात काय शिरतं कोण जाणे, पण अर्थ शिरत नाही.

बसकडे निघाले तर देवकाबाईने हाक मारली. देवकाबाई म्हणजे पस्तिशीतली, हसरी, बोलायला फटकळ. नवरा बोरगावला कंपनीत जायचा, शेत हीच बघायची. म्हणाली, वावर वाटेतच आहे, चहा घेऊन जा. गेले. विहिरीच्या पलीकडे, जिथे दरवर्षी कापूस असायचा तिथे, ओळीने खड्डे खोदलेले होते. चौकोनी, सारख्या अंतरावर, प्रत्येकाच्या काठाला मातीचा ढीग आणि शेणखताची टोपली. नजर पोचेल तिथपर्यंत खड्डे. संत्रा लावायचा होता. कलमा सांगून ठेवल्या होत्या, पाऊस पडला की यायच्या.

"किती वर्सं झाले मनात होतं ताई," ती म्हणाली. "पन विहिरीचा भरोसा नोयता. तुमच्या कागदावर पाह्यलं, पानी चढून राहिलं. म्हनलं, आता लावतो."

संत्र्याचं झाड पहिली चार-पाच वर्षं नुसतं पाणी पितं, मग फळ दाखवतं. चौथ्या उन्हाळ्यात विहीर आटली तर झाडं उभ्याउभ्या वाळतात, आणि तोवर त्या जमिनीतला चार वर्षांचा कापूसही गेलेला असतो. हे मला ठाऊक होतं. माझ्या हातात तिच्या चहाचा कप होता आणि पिशवीत सत्काराचा नारळ. मी काय केलं असेल? मी म्हटलं, खड्डे छान ओळीत आहेत. चहा पिऊन बस पकडली.

आयुष्यात खूप चुकीच्या ओळी लिहिल्या असतील, पण तेव्हा न बोललेल्या त्या एका ओळीची लाज मला आजही वाटते.

दुसऱ्या दिवशी मी नीरज सरांना सांगितलं. त्यांनी कागद काढला, ओळ वाचली आणि म्हणाले, खोली असं स्पष्ट लिहिलं आहे, आता लोकांनी वाचलं नाही त्याला आपण काय करणार? पुढच्या बैठकीत समजावू. पुढची बैठक पावसाळ्यानंतर होती. तोवर कलमा जमिनीत गेल्या असत्या. आणि एकट्या देवकाबाईचा प्रश्न नव्हता. तिच्याकडे बघून अजून चार-पाच घरांनी फावडी काढली होती, दोघांनी बोअरवाल्याला बोलावलं होतं. चूक नाही, चूक नाही, असं दोन दिवस मी स्वतःला सांगत होते. तिसऱ्या दिवशी रविवार होता. सकाळची बस धरली.

देवकाबाई विहिरीवरच होती. मी पोचल्या पोचल्या सांगितलं, बसले सुद्धा नाही. कागदावरचे खांब पाण्याचे नाहीत, पाण्यापर्यंतच्या खड्ड्याचे आहेत. खांब वाढला म्हणजे पाणी खाली गेलं. मी लिहिलं ते कोणाला कळण्यासारखं नव्हतं. ती ऐकत राहिली. मग म्हणाली, "मंग त्या दिवशी चहा पिऊन कायले गेल्या?"

लाज वाटली म्हणून गेले, एवढंच मी म्हटलं. तिने माझ्याकडे पाहिलं, खड्ड्यांकडे पाहिलं आणि विहिरीच्या कठड्यावर बसून हसायला लागली. मला वाटलं, बाई रागाने हसते आहे. तसं नव्हतं.

"माह्या विहिरीत पानी उतरलं हे मले दिसतच होतं ना ताई," ती म्हणाली. "म्हनलं, साऱ्या गावाचं चढलं, माहीच विहीर कमनशिबी. कोनाले सांगाव म्हनून चूप राहिली. लोक म्हनतीन, हिच्याच नशिबात नाई."

मी विचारलं, बाकीच्यांनाही असंच वाटलं असेल का? ती उठली, पदर खोचला आणि म्हणाली, चला, विचारूनच पाहू.

त्या दुपारी ग्रामपंचायतीसमोर जे झालं त्याची आठवण आली की मी अजून एकटीच हसते. देवकाबाईने सगळ्यांपुढे सरळ सांगून टाकलं की माझी विहीर उतरली आहे. मग मागून एकजण म्हणाला, माझीही. दुसरा म्हणाला, माझी तर दोन वर्षांपासून. मग तिसरा, चौथा. कागदावर गावाचं पाणी चढत होतं आणि प्रत्येक घर आपापल्या विहिरीत डोकावून, कपाळावर हात मारून, गुपचूप परत येत होतं. शेजाऱ्याचं चढलं असणार, याची प्रत्येकाला खात्री. शेवटी सरपंचांनीही कबूल केलं की घरच्या मोटरचा पाइप यंदा त्यांनी वाढवून घेतला. सत्काराच्या भाषणातल्या पायऱ्यांची कोणीतरी त्यांना आठवण करून दिली आणि माणसं पोट धरून हसायला लागली. सरपंच सगळ्यांत जास्त हसले. मीही हसले, पण शालीची आठवण आली की मध्येच थांबायची.

रघोजीबाबा मात्र उठून घरी गेले. मला वाटलं, रागावले. ते परत आले तेव्हा त्यांच्या खांद्यावर दोराचं वेटोळं होतं. आमच्याकडे अक्षय तृतीयेला वाडवडिलांच्या नावाने नवी घागर भरतात. रघोजीबाबा ती घागर दरवर्षी त्याच विहिरीतून, त्याच दोराने भरायचे, आणि घागर पाण्याला टेकली की कठड्यावर जिथे हात असेल तिथे दोराला एक गाठ मारायचे. का मारता विचारलं तर म्हणाले, माझा बाप मारत होता. जुन्या गाठी जवळजवळ होत्या. अलीकडच्या गाठी एकमेकींपासून दूर दूर सरकत गेलेल्या. शेवटची तर तिच्या आधीच्या गाठीपासून अख्ख्या परसावर होती. परस म्हणजे हात वर करून उभ्या माणसाची उंची. आमच्याकडे विहीर त्याच मापाने मोजतात, मीटरने नाही.

"तुमच्या कागदापेक्षा हा चांगला सांगून राहिला का नाई?" त्यांनी मला विचारलं.

मी म्हटलं, बाबा, मला हा दोर एक दिवस द्या.

मी रंगाचे डबे घेऊन पुन्हा त्या गावात गेले तेव्हा सरपंचांनी स्वतः शिडी धरली. भिंतीच्या वरच्या बाजूला मी एक जाड काळी रेघ ओढली. तिच्यापासून पाच दोर खाली सोडले, एकाहून एक लांब, प्रत्येकाच्या टोकाला एक घागर आणि घागरीखाली निळं पाणी. बाजूला माप परसाचं, एकावर एक उभी राहिलेली, हात वर केलेली छोटी माणसं. खाली वडिलांच्या वळणाने ते बारा शब्द लिहिले. 'वरची काळी रेघ म्हणजे विहिरीचं तोंड. दोर जितका लांब, पाणी तितकं खोल.' रंग ओला असतानाच एक म्हातारी काठी टेकत आली, शेवटच्या घागरीपर्यंत नजर नेली आणि म्हणाली, "अरे बाप्पा, इतलं खाली गेलं?" तिला वाचता येत नव्हतं. त्या दिवशी मी सत्काराशिवाय घरी आले आणि चार दिवस हवेत होते.

नीरज सरांना मी सगळं सांगितलं तेव्हा त्यांना जरा ओशाळल्यासारखं झालं. स्वतः येऊन त्यांनी भिंत पाहिली आणि म्हणाले, आमच्या शास्त्रातही असंच उलटं काढतात, शून्य वर ठेवून, यावेळी मी आळस केला. मी म्हटलं, मीही केला. त्यानंतर गावाला जाणारा कोणताही कागद आम्ही आधी रघोजीबाबांना दाखवायचो. त्यांनी मान डोलावली की पास.

गावाने त्या पावसाळ्यात बसून ठरवलं की संत्र्यासाठी नवं बोअर कोणी मारायचं नाही, आणि विहिरीला झेपतील तेवढीच झाडं लावायची. देवकाबाईने विहिरीजवळच्या तीन ओळींत कलमा लावल्या, त्यांना थेंबाथेंबाने पाणी देणाऱ्या नळ्या टाकल्या. बाकीचे खड्डे तिने बुजवले आणि त्यावर तूर पेरली. इतक्या ओळीत आलेली तूर जिल्ह्यात कुठे नसेल, असं ती सांगायची. बुजवताना तिला काय वाटलं असेल ते मी विचारलं नाही. तिनेही कधी बोलून दाखवलं नाही.

मी निवृत्त झाले त्याला आता काही वर्षं झाली. पांढुर्णा जिल्हा झाला, गावोगावी मोबाइलवर रंगीत आलेख येतात, माझी नात म्हणते की त्यांच्याखालच्या ओळीही आता मशीन लिहितं. लिहू दे. मी वाचते त्या. बऱ्याचशा माझ्या त्या मीटरच्या ओळीसारख्याच असतात, अगदी बरोबर.

रघोजीबाबा आता नाहीत. त्यांच्या माघारी दोर देवकाबाईकडे आला. अक्षय तृतीयेची घागर आता ती भरते, गाठ ती मारते आणि भिंतीवर त्या वर्षीचा दोरही तीच रंगवते. यंदा तिने मला मुद्दाम बोलावून घेतलं. कारण फोनवर सांगितलं नाही, नुसतं या म्हणाली.

भिंत आता दोरांनी भरत आली आहे. माझे पाच दोर उन्हाने फिकट झालेत. त्यांच्या पुढचे तिने काढलेले, जरा वाकडे, घागरी मात्र माझ्यापेक्षा सुबक. मधली काही वर्षं दोर सारखेच, पुढे किंचित आखूड. आणि सगळ्यात शेवटी, ओल्या रंगाचा, यंदाचा. त्याची घागर आधीच्या घागरीच्या बरीच वर होती. खाली तिने स्वतःच्या अक्षरात, पहिल्यांदाच, एक ओळ लिहिली होती.

'यंदा तीन हात दोर उरला.'

मी चष्मा पुसला आणि पुन्हा वाचली. त्यात खोली नव्हती, सरासरी नव्हती, वर-खाली काही नव्हतं. विहिरीवर उभ्या असलेल्या बाईच्या हातात काय राहिलं, तेवढंच होतं. इतक्या वर्षांत मला अशी ओळ एकदाही सुचली नाही. डोळे भरून आले, आणि ते आनंदाने आले हे इथे सांगून टाकते.

देवकाबाईने ब्रश पुढे केला. म्हणाली, तुमचं काम आहे ताई, काही चुकलं असेल तर सुधरून द्या. मी ब्रश तिच्या डब्यात परत ठेवला.

मग आम्ही तिच्या वावरात गेलो. तीन ओळींतली झाडं आता माझ्या डोक्याच्या वर गेली आहेत, खालच्या फांद्यांना हिरवी, लिंबाएवढी फळं लागली होती. सावलीत तिने चटई टाकली, कप भरला आणि माझ्या हातात देण्याआधी तसाच धरून ठेवला.

"काही सांगाचं असन तं आधी सांगा," ती म्हणाली, "मंग चहा प्या."

मी म्हटलं, काही नाही. आणि कप घेतला.